होसे लिमोन यांच्यानंतर

नर्तक आणि नृत्यरचनाकार होसे लिमोन डिसेंबर १९७२मध्ये गेले, तेव्हा त्यांची नृत्य कंपनी बंद पडेल असेच बहुतेकांनी धरले होते. अमेरिकेतल्या आधुनिक नृत्याची तोवरची रीतच तशी होती. कंपनी म्हणजे तिचा नृत्यरचनाकार. तो गेला की कलाकार पांगायचे आणि रचनाही हळूहळू विसरल्या जायच्या. लिमोन यांची मंडळी मात्र थांबली नाहीत. ठरलेला सोव्हिएत संघाचा दौरा त्यांनी १९७३मध्ये पार पाडला. आधी रूथ करियर यांनी धुरा उचलली आणि १९७८पासून ती कार्ला मॅक्सवेल यांच्याकडे आली.

मेक्सिकोतल्या कुलियाकानमध्ये जन्मलेल्या लिमोन यांनी १९४६ साली ही कंपनी काढली आणि कलादिग्दर्शन आपल्या गुरू डोरिस हम्फ्री यांच्या हाती दिले. शरीराचे वजन, श्वास, तोल जाणे आणि पुन्हा सावरणे ही हम्फ्रींची शिकवण त्यांच्या नृत्याच्या मुळाशी आहे. मॅक्सवेल न्यूयॉर्कच्या जुलियार्ड या कलाशाळेत शिकत असतानाच, १९६५ साली, कंपनीत आल्या. लिमोन यांची अखेरची रचना ‘कार्लोटा’ (१९७२). मेक्सिकोच्या सम्राज्ञीची ही कहाणी संगीताविना सादर होते. तिची भूमिका मॅक्सवेल यांनी केली. ठेका धरायला सूर नाही, वाद्य नाही. सगळा काळ नर्तकांच्या श्वासावर तोललेला. असे काम कागदावर कितीही काटेकोर उतरवले, तरी ते बसवून घेतलेल्या माणसाची जागा कागद घेऊ शकत नाही.

‘द मूर्स पवान’ (१९४९) घ्या. शेक्सपियरच्या ऑथेल्लोची, म्हणजेच मूरची गोष्ट, इंग्रज संगीतकार पर्सेलचे संगीत, जेमतेम वीस मिनिटे आणि रंगमंचावर फक्त चौघे. दरबारी नृत्याच्या शिस्तीत चौघे जवळ येतात, दूर होतात. मित्र मागून मूरच्या खांद्यावर झुकून कानाशी लागतो, आणि एक रुमाल हातोहात फिरत राहतो. चित्रफितीत पावले दिसतात. पण कानाशी लागताना किती भार टाकायचा, हे बंदिशीतल्या एखाद्या जागेसारखे समोर बसूनच घ्यावे लागते. मॅक्सवेल यांनी ते पुढच्या नर्तकांना दिले.

माझ्या मते त्यांचा सर्वांत धाडसी निर्णय मात्र वेगळाच होता. जुन्या रचनांच्या जोडीला त्यांनी इतर रचनाकारांची नवी कामेही कंपनीत आणली. त्यामुळे लिमोन यांच्या रचना आज नाचणाऱ्यांच्या अंगात मुरत राहिल्या, नुसत्या जपून ठेवलेल्या वस्तू झाल्या नाहीत. २००८ साली लिमोन प्रतिष्ठानला अमेरिकेचे राष्ट्रीय कलापदक मिळाले.

२०१६ साली मॅक्सवेल यांनी सूत्रे कॉलिन कॉनर यांना दिली. कॉनर याच कंपनीत नाचलेले, पण लिमोन यांच्या पश्चात. खुद्द लिमोन यांच्या हाताखाली न नाचलेल्या कलाकाराकडे कंपनी गेली, ती तेव्हा पहिल्यांदा.