घरचे बेक्ड बीन्स: पांढऱ्या राजम्याच्या पाकिटासोबत

हा पदार्थ मूळचा अमेरिकेतल्या बॉस्टनकडचा. लहान पांढरे दाणे, खारवलेले डुकराचे मांस आणि मोलॅसिस, म्हणजे साखर करताना उरणारा काळा पाक, मातीच्या भांड्यात तासन्‌तास मंद आचेवर ठेवतात. मोलॅसिससाठी पुण्यात वणवण नको. उसाची काकवी त्या जागी छान बसते.

पाकिटातला 250 ग्रॅम राजमा एक लिटर पाण्यात 15 ग्रॅम मीठ घालून रात्रभर भिजवा. मिठाने साल मऊ पडते, दाणे कमी फुटतात. बोअरचे किंवा टँकरचे जड पाणी भिजवायला आणि शिजवायला वापरू नका. त्यातल्या कॅल्शियमने दाणे कडक राहतात. फिल्टरचे घ्या. सकाळी न फुगलेले कुचर दाणे वेचून टाका, ते काही केल्या शिजत नाहीत.

भिजवलेले पाणी ओतून द्या. ताज्या पाण्यात दाणे आधी 15 मिनिटे खळखळून उकळा. ही पायरी कधीही गाळू नका. कच्च्या राजम्यातल्या लेक्टिन नावाच्या विषारी प्रथिनामुळे उलट्या-जुलाब होतात आणि ते मंद आचेवर नष्ट होत नाही. म्हणूनच नुसते भिजवलेले दाणे थेट स्लो कुकरमध्ये टाकू नयेत. मग आच कमी करून 45 ते 60 मिनिटे शिजवा. पुण्याच्या उंचीवर पाणी साधारण 98 अंशांनाच उकळते, त्यामुळे किनारपट्टीपेक्षा थोडा जास्त वेळ लागतो. पाच दाणे बोटांत दाबून पाहा, पाचही बोटचेपे हवेत. चमच्यात दोन दाणे घेऊन फुंकर मारल्यावर साल सुटून वळली, की झाले.

दाणे असे पूर्ण शिजेपर्यंत काकवी आणि टोमॅटोला हात लावू नका. टोमॅटोचा आंबटपणा आणि काकवीतले कॅल्शियम दाण्यातले पेक्टिन, म्हणजे दाण्याला घट्ट धरून ठेवणारा घटक, विरघळू देत नाहीत. त्यानंतर पाच तास ठेवले तरी दाणा कचकचीतच राहतो. बेक्ड बीन्स बिघडल्याची तक्रार येते ती बहुतेक वेळा इथली. मऊ दाण्याला मात्र हेच उपयोगी पडते: चार तास भट्टीत राहूनही त्याचा लगदा होत नाही.

दोन मोठे चमचे तेलात दोन कांदे बारीक चिरून परता. त्यात 300 ग्रॅम टोमॅटोचा रस, 60 ग्रॅम काकवी, एक लहान चमचा मोहरीची पूड, तीन लवंगा, मिरपूड आणि एक लहान चमचा मीठ घालून उकळी आणा. दाणे झाकणाच्या हंडीत घ्या, त्यावर हा रस ओता आणि दाण्यांच्या बरोबरीने येईल इतके त्यांचेच शिजवलेले पाणी घाला. मातीची हंडी थंड ओटीजीतच (विजेच्या छोट्या भट्टीत) ठेवा, मग 130 अंशांवर चालू करा. शक्य असेल तर फक्त खालचा रॉड लावा. तीन तास झाकण ठेवून, शेवटचा एक तास उघडे. दर तासाला डोकावून पाहा; रस आटून दाणे उघडे पडले तर आधणाचे पाणी घाला. गार पाण्याने तापलेली हंडी तडकते. ढवळत बसू नका, हंडी नुसती हलवा. कडा काळ्या पडू लागल्या तर तापमान 10 अंशांनी उतरवा, कारण करपलेली काकवी कडू लागते.

ओटीजी नसेल तर जाड बुडाचे झाकणाचे पातेले तव्यावर ठेवून सर्वांत बारीक गॅसवर अडीच तास. वरची खरपूस साय मात्र येणार नाही.

रस पातळ वाटला तर चार चमचे दाणे घोटून परत मिसळा. तापवल्यावर मोहरीचा झणका उडतो. तो हवा असेल तर अर्धा चमचा फेसलेली मोहरी खाली उतरवल्यावर घाला. धुराचा वास हवा असेल, तर वाटीत पेटता कोळसा ठेवून त्यावर तूप सोडा आणि पाच मिनिटे झाकून धुंगार द्या. आमच्या मते हे केलेच पाहिजे.

दुसऱ्या दिवशी चव जास्त मुरते. उरलेले बीन्स पसरट डब्यात लवकर गार करून फ्रीजमध्ये ठेवा आणि तीन दिवसांत संपवा. पावाबरोबर चांगलेच, पण ज्वारीच्या गरम भाकरीबरोबर एकदा खाऊन पाहा.