मायकेल रिपर

मायकेल रिपर (२७ जानेवारी १९१३ – २८ जून २०००) : ब्रिटिश चरित्र अभिनेते. भयपटांसाठी प्रसिद्ध असलेल्या ‘हॅमर’ या ब्रिटिश चित्रपट कंपनीच्या जितक्या चित्रपटांत ते दिसले तितक्यांत दुसरा कोणताही नट दिसला नाही. पीटर कुशिंग आणि ख्रिस्तोफर ली या हॅमरच्या बड्या नटांचे नंबरही त्यांच्यानंतरच लागतात. पोस्टरवर मात्र ठळक नावे या दोघांची असत.

जन्म इंग्लंडमधील पोर्ट्समथचा. रिपर (म्हणजे चिरफाड करणारा) हे भयपटांसाठी मुद्दाम घेतलेले नाव वाटते, पण ते जन्माचेच आडनाव. १९२७ च्या कायद्याने ब्रिटिश चित्रपटगृहांना ठरावीक प्रमाणात देशी चित्रपट दाखवणे भाग पाडले होते. तो वाटा भरून काढण्यासाठी झटपट आणि स्वस्तात उरकलेले चित्रपट ‘कोटा क्विकी’ म्हणून ओळखले जात. रिपर १९३६ पासून अशा चित्रपटांत किरकोळ कामे करू लागले. श्रेयनामावलीत कित्येकदा त्यांचे नावही नसे. जोडीला रंगभूमी होती. १९५२ मध्ये थायरॉइडची शस्त्रक्रिया झाली आणि शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोहोचवण्याची ताकद गेली. रंगभूमी सुटली. उरला तो काहीसा घोगरा, दबका आवाज. माइकपुढे तो पुरेसा होता आणि पुढे तीच त्यांची ओळख ठरली. लॉरेन्स ऑलिव्हिए यांच्या ‘रिचर्ड द थर्ड’मध्ये (१९५५) दोन मारेकऱ्यांपैकी एक रिपर होते, दुसरे मायकेल गॉफ.

हॅमरच्या भयपटांत त्यांच्या वाट्याला गाडीवान, दारुडे, हवालदार आणि मुख्यतः खानावळवाले आले. परगावचा पाहुणा आत येतो, गप्पा थांबतात आणि गल्ल्यामागचा माणूस नजर चुकवतो. हा प्रसंग हॅमरने इतक्यांदा वापरला की त्याचे हसू व्हायला हवे होते. ते झाले नाही, याचे बरेचसे श्रेय रिपर यांचे. बुटकी चण, थकलेले डोळे आणि घाबरूनही धंदा सांभाळणारा चेहरा पाहिला की गावात खरेच काही भयंकर आहे हे पटते. ‘द ममी’मध्ये (१९५९) ते चोरून शिकार करणारे गावकरी आहेत. रानात ममी पाहून पळालेला हा माणूस गुत्त्यात येऊन हकिगत सांगतो, तेव्हा ती दारूच्या भरातली बडबड आहे की खरी, हे ऐकणाऱ्यांना कळत नाही. प्रेक्षकाला कळते.

‘द प्लेग ऑफ द झॉम्बीज’ आणि ‘द रेप्टाइल’ (दोन्ही १९६६) हे चित्रपट जॉन गिलिंग यांनी पाठोपाठ, हॅमरच्या ब्रे स्टुडिओत उभारलेल्या एकाच गावाच्या सेटवर काढले. पहिल्यात रिपर त्या गावचे पोलीस सार्जंट, दुसऱ्यात त्याच गल्लीतले खानावळवाले. काटकसरीची ही हद्द होती, पण दुसऱ्या भूमिकेला चांगली लांबी मिळाली. नायकासोबत रात्री कबर उकरायला जाणारा त्यातला टॉम बेली हा भित्र्या गावातला एकमेव भरवशाचा माणूस आहे.

लांबीपेक्षा खोलीने मोठी भूमिका ‘कॅप्टन क्लेग’मधली (१९६२). रॉमनी मार्शच्या दलदलीत चोरटी दारू उतरवणाऱ्या टोळीतला शवपेट्या बनवणारा मिप्स त्यांनी केला. शेवटी कुशिंग यांनी रंगवलेल्या क्लेगचा मृतदेह हातांवर घेऊन मिप्स रिकाम्या कबरीकडे चालत जातो. आयुष्यभर दुय्यम राहिलेल्या नटाला चित्रपटाचा शेवट असा क्वचितच मिळतो. ‘द ममीज श्राउड’मधला (१९६७) लाँगबॅरो हा धनाढ्य मालकाची उठबस करणारा, चष्म्यावाचून आंधळा झालेला नोकर. त्याचा मृत्यू या एरवी सुमार चित्रपटातला सर्वांत चटका लावणारा क्षण आहे.

सगळेच काम मिरवण्याजोगे नव्हते. ‘द सीक्रेट ऑफ ब्लड आयलंड’मध्ये (१९६४) त्यांना रंगभूषा करून जपानी अधिकारी बनवले होते, ते आज पाहवत नाही.

भयपटांबाहेर ते मुलींच्या खट्याळ शाळेवरच्या ‘सेंट ट्रिनियन्स’ या विनोदी चित्रपटांत लिफ्टमन म्हणून दिसले. बीबीसीच्या ‘बटरफ्लाइज’ (१९७८–८३) या मालिकेत ते थॉमस नावाचे ड्रायव्हर होते. हॅमरचा ओघ आटल्यावर पुढल्या पिढीने त्यांना ओळखले ते बहुतेक या मालिकेतल्या ड्रायव्हरच्या टोपीत.