अमेरिकन यादवी युद्ध आणि मुंबईचे नागरी जीवन (१८६१–१८६५)

अमेरिकेतील यादवी युद्धाच्या चार वर्षांत मुंबईच्या सामान्य माणसाच्या जगण्यात धान्याच्या भावापासून घराण्याच्या इभ्रतीपर्यंत झालेली उलथापालथ. लढाई अर्ध्या पृथ्वीपलीकडे चालली होती. पण लढणाऱ्या देशातल्या नागरिकांना महागाई, टंचाई, अफवा आणि नातलगांच्या कर्जबाजारीपणाचा जो अनुभव येतो, त्यातला बराचसा मुंबईकरांच्याही वाट्याला आला. इतिहासात हा काळ ‘शेअर मॅनिया’, म्हणजे शेअरच्या सट्ट्याचे वेड, म्हणून नोंदला गेला आहे आणि बहुतेक वेळा तो बड्या शेठ-दलालांच्या अंगाने सांगितला जातो. त्यामुळे त्या शहरात पगारावर, मजुरीवर आणि भाड्याच्या खोलीत राहणारी माणसे त्या गोष्टीतून गळतात. प्रस्तुत नोंदीत भर त्यांच्यावर आहे.

युद्ध एप्रिल १८६१ मध्ये सुरू झाले आणि त्याच महिन्यात अध्यक्ष लिंकन यांनी देशातून फुटून निघालेल्या दक्षिणेकडील राज्यांच्या बंदरांची नाकेबंदी जाहीर केली. इंग्लंडच्या गिरण्यांना लागणारा तीन चतुर्थांशाहून अधिक कापूस या बंदरांतून जात असे आणि तो गुलामांच्या श्रमावर पिकत असे. कापूस अडवला की इंग्लंड आपल्या बाजूने उतरेल, या हिशेबाने दक्षिणेनेही सुरुवातीला माल रोखून धरला. हिशेब चुकला. इंग्लंडने दुसरीकडून कापूस शोधायला सुरुवात केली आणि त्याची नजर मुंबई बंदरावर आली.

या युद्धाचे घाव तीन ठिकाणच्या घरांवर पडले. दक्षिणेत मीठ मिळेना, कागदी चलनाची किंमत उतरत गेली, कॉफीऐवजी लोक राय नावाचे भाजलेले धान्य आणि भेंडीच्या बिया उकळून पिऊ लागले. २ एप्रिल १८६३ रोजी रिचमंड या दक्षिणेच्या राजधानीत भुकेल्या बायकांनी रस्त्यावर उतरून दुकाने फोडली. त्याच वर्षी दक्षिणेतील व्हिक्सबर्ग शहराच्या वेढ्यात तोफांच्या माऱ्यापासून वाचण्यासाठी कुटुंबेच्या कुटुंबे टेकड्यांत खोदलेल्या गुहांत राहिली. इंग्लंडच्या लँकेशायरमध्ये गिरण्या बंद पडून १८६२ च्या हिवाळ्यात जवळजवळ पाच लाख लोक मदतीच्या भाकरीवर आले. मुंबईत मात्र उलट घडले. येथे पैशाचा पूर आला, आणि येथल्या गरिबांचे हाल झाले ते त्या पुरात.

तेव्हा कापसाचा बाजार कुलाब्याच्या मोकळ्या मैदानात भरे. गुजरात, खानदेश, वऱ्हाड आणि धारवाडकडचा माल तेथे येऊन पडे आणि गासड्यांच्या थप्प्या लागत. दलाल गासडीत हात घालून मूठभर रुई ओढून काढी, चिमटीत धरून तिचा धागा ताणून पाही आणि लांबी-मजबुती जोखी. भाव अनेकदा तोंडाने बोलला जात नसे. रुमालाखाली एकमेकांची बोटे दाबून सौदा ठरे, शेजारी उभ्या असलेल्याला आकडा कळत नसे. माप खंडीचे, म्हणजे ७८४ पौंडांचे. युद्धाच्या ऐन भरात भाव पूर्वीच्या चौपट-पाचपट झाला, तेव्हा त्या मैदानातली सचोटीही ढळली. वजन वाढवण्यासाठी कापसात पाणी, माती, सरकी मिसळली जाऊ लागली आणि भेसळीला आळा घालायला मुंबई सरकारला १८६३ मध्ये खास कायदा करावा लागला. घरातल्या जुन्या गाद्या-उशा उसवून त्यातला कापूसही लोकांनी विकला, असे सांगितले जाते.

१८६१ ते १८६५ या पाच वर्षांत मुंबईच्या पदरात नेहमीच्या कमाईपेक्षा सुमारे सात-आठ कोटी पौंड जास्त पडले, असा त्या काळचा अंदाज आहे. इंग्लंडमधून चांदी जहाजे भरून येत होती. चांदी आली तशी महागाई आली. भोर घाटातून रेल्वे १८६३ मध्ये सुरू झाली, थळ घाटातून १८६५ मध्ये. माणसे देशावरून आणि कोकणातून मुंबईकडे लोटत होती. हमाल, गासड्या दाबणारे, गाडीवान, गवंडी, सुतार यांची मजुरी वाढली हे खरे. पण धान्य, जळण आणि खोलीचे भाडे तिच्याही पुढे धावत होते. सर्वांत कोंडी झाली ठरावीक पगाराच्या माणसाची. कचेरीतला कारकून, शाळेतला पंतोजी, पेन्शनवर जगणारा म्हातारा यांच्या हाती महिन्याकाठी तेवढेच रुपये येत आणि त्यांत पूर्वीइतके तांदूळ येत नसत. १८६४ च्या खानेसुमारीत शहराची लोकसंख्या ८,१६,५६२ भरली. एवढ्या माणसांना पुरेल अशी घरे, गटारे आणि पाणी शहराकडे नव्हते. विहार तलावाचे पाणी नुकतेच, १८६० मध्ये, आले होते. १८६४ मध्येच डॉ. लीथ यांनी शहराच्या आरोग्यस्थितीवर अहवाल दिला आणि १८६५ मध्ये नव्या कायद्याने नगरपालिकेचा कारभार आयुक्त आर्थर क्रॉफर्ड यांच्या हाती गेला. मुंबईच्या सफाईचा प्रश्न या गर्दीमुळे ऐरणीवर आला, हे विसरले जाते.

गव्हर्नर सर बार्टल फ्रियर यांच्या काळात किल्ल्याचे तट पाडले गेले आणि शहर बाहेर पसरू लागले. समुद्र हटवून जमीन काढण्याच्या कंपन्या निघाल्या. त्यांतली बॅकबे रेक्लमेशन कंपनी सर्वांत गाजली. तिचा पाच हजार रुपयांचा शेअर भराच्या काळात पन्नास हजारांच्या घरात विकला गेला. जानेवारी १८६५ पर्यंत मुंबईत ३१ बँका, १६ वित्तसंस्था, २० विमा कंपन्या आणि जमिनीच्या ८ कंपन्या होत्या. दहा वर्षांपूर्वी यांतले जवळजवळ काहीच नव्हते. या उलाढालीच्या केंद्रस्थानी प्रेमचंद रायचंद हे दलाल होते. कोणत्या कंपनीचे शेअर कोणाला मिळायचे हे त्यांच्या शब्दावर ठरे.

सामान्य माणूस यात शिरला तो वायद्याच्या वाटेने. आज शेअर घ्यायचा, पैसे पुढच्या ठरलेल्या तारखेला द्यायचे आणि त्याआधीच तो चढ्या भावाने दुसऱ्याला विकून फरक खिशात घालायचा. त्यामुळे गाठीला पाच हजार नसलेला माणूसही पन्नास हजारांचा सौदा करू शकत होता. शिवाय १८६३ च्या कायद्याने बँक ऑफ बॉम्बेवरची बंधने सैल झाली होती आणि ती शेअर तारण ठेवून कर्ज देऊ लागली होती. सरकारचा वाटा असलेली बँक कर्ज देते म्हटल्यावर लोकांचा विश्वास बसणारच. त्यांना हावरट ठरवून मोकळे होणे मला अन्यायाचे वाटते. पगारात भागत नसलेल्या घराला दुसरा मार्ग दिसत नव्हता, आणि ज्यांनी सावध करायचे त्यांनीच दार उघडे ठेवले होते.

बातम्या तेव्हा बहुतांशी टपालाच्या बोटीने येत. सुएझ कालवा व्हायचा होता, अटलांटिक महासागराखालून चालणारी तार नव्हती. १८६४ च्या उत्तरार्धात तहाच्या नुसत्या वावड्यांनीच कापूस घसरला होता. ९ एप्रिल १८६५ रोजी दक्षिणेचे सेनापती जनरल ली यांनी शरणागती पत्करली आणि ही खबर मुंबईत पोचताच भाव कोसळले. असंख्य वायद्यांची मुदत १ जुलै १८६५ ही होती. त्या दिवशी प्रत्येकाला दुसऱ्याकडून येणे होते आणि कोणाकडेच द्यायला नव्हते. बँक ऑफ बॉम्बेचा २,८५० रुपयांपर्यंत गेलेला शेअर पुढे ८७ रुपयांवर आला. बँकच शेवटी गुंडाळावी लागली आणि १८६८ मध्ये तिच्या चौकशीसाठी आयोग बसला. बॅकबे कंपनीही बुडाली.

बुडालेल्यांत डॉ. भाऊ दाजी लाड होते. गरिबांना फुकट औषध देणारा वैद्य, प्राचीन लेखांचा अभ्यासक, मुलींच्या शाळांचा पाठीराखा अशा या माणसाची मिळकत या लाटेत गेली. १८७४ मध्ये ते वारले तोपर्यंत ती सावरली नव्हती. त्यांची कथा नोंदली गेली. ज्यांच्या बायकांचे दागिने सावकाराकडे गेले आणि जे गावी परतले, त्यांची नावे कोठेच नाहीत. १८७२ च्या खानेसुमारीत लोकसंख्या ६,४४,४०५ होती, म्हणजे आठ वर्षांत पावणेदोन लाखांची घट.

या काळाची एक बाजू अस्वस्थ करणारी आहे. गुलामगिरी संपवणारा शेवट जगाला हवा होता, आणि मुंबईच्या बाजारात त्याच शेवटाची धास्ती होती. इंदुप्रकाश (१८६२) आणि नेटिव्ह ओपिनियन (१८६४) ही पत्रे याच वर्षांत निघाली. तरी अमेरिकेतल्या मुक्तीचा आपल्या समाजाशी संबंध ठळकपणे जोडला तो पुण्यात जोतीराव फुले यांनी. त्यांनी १८७३ चे आपले ‘गुलामगिरी’ हे पुस्तक गुलामांना मुक्त करणाऱ्या अमेरिकेतील लोकांना अर्पण केले.

कापसाच्या गावांतही तोच क्रम घडला. खानदेशात शेतकऱ्यांनी गाडीच्या चाकांना चांदीच्या धावा बसवल्या, अशी आख्यायिका आहे. तेजीत सावकारांनी सढळ हाताने कर्ज दिले; मंदीत हात आखडला आणि वसुली मात्र चालू ठेवली. मे १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांनी सावकारांच्या वह्या आणि कर्जरोखे जाळले. त्या दंग्यांना सरकारी शेतसाराही कारण होता, पण कापसाच्या पडलेल्या भावाचा त्यात वाटा होता.

शहरात मागे उरले ते दान आणि दगड. प्रेमचंद रायचंद यांनी तेजीत विद्यापीठाला दिलेल्या देणगीतून ग्रंथालय आणि राजाबाई टॉवर उभे राहिले. टॉवर १८७८ मध्ये पुरा झाला. युद्धकाळात कच्चा माल परदेशी धाडण्यातच नफा असल्याने मुंबईच्या गिरण्या रखडल्या होत्या. कापूस स्वस्त झाल्यावर १८७० च्या दशकात त्या झपाट्याने वाढल्या आणि कोकणातून, विशेषतः रत्नागिरीकडून, येणाऱ्या कामगारांनी परळ-लालबागकडचा भाग वसवला.