प्रतापसिंह हायस्कूल, सातारा

साताऱ्यातील जुन्या राजवाड्यात भरणारी ऐतिहासिक शाळा. पूर्वीचे नाव गव्हर्नमेंट हायस्कूल.

या शाळेसंबंधी तीन सने सांगितली जातात व ती अनेकदा एकमेकांत मिसळतात. १८२४ हे सन वाड्याचे. तो छत्रपती प्रतापसिंह महाराजांनी बांधविला. शाळेची स्थापना सामान्यतः १८५१ मधील मानतात, तर शाळा वाड्यात आली ती १८७१ च्या सुमारास. प्रतापसिंहांनीच शाळा काढली, हे अधूनमधून आढळणारे विधान त्यामुळे ग्राह्य वाटत नाही. इंग्रजांनी त्यांना १८३९ मध्ये पदच्युत केले, १८४७ मध्ये काशीस त्यांचे निधन झाले आणि पुढच्या दोन वर्षांत राज्यही खालसा झाले. शाळेला त्यांचे नाव मागाहून मिळाले. शेजारचा नवा राजवाडा निराळा. त्याचे बांधकाम १८३८ ते १८४४ मधील, म्हणजे बव्हंशी त्यांचे बंधू शहाजी ऊर्फ आप्पासाहेब यांच्या कारकिर्दीतील असून तेथे दीर्घकाळ न्यायालय होते. जुन्या वर्णनांत नुसते ‘राजवाडा’ म्हटलेले असल्यास कोणता, हे पडताळूनच घ्यावे.

शाळेची वास्तू मराठा वाड्यांच्या परंपरेतील. अशा वाड्यात छताचा भार मुख्यत्वे लाकडी खांब व तुळया पेलतात. दोन खांबांमधील अंतर म्हणजे खण, आणि खणांच्या हिशेबानेच सोपे (म्हणजे चौकाकडे उघडे असलेले ओटे) व दालने आखली जातात. खणांमध्ये आडभिंत घातली वा काढली तरी मूळ सांगाड्याला सहसा धक्का लागत नाही. वाड्याच्या मधल्या उघड्या चौकातून सोप्यांत उजेड व वारा येतो. राहत्या वाड्याचे वर्ग करणे सोपे जाते ते यामुळे.

७ नोव्हेंबर १९०० रोजी सुभेदार रामजींचा मुलगा भिवा, म्हणजेच पुढे डॉ. बाबासाहेब आंबेडकर, येथे इंग्रजी पहिलीत दाखल झाला. प्रवेश-नोंदवहीतील त्याचा क्रमांक १९१४. साताऱ्यातील शालेय दिवसांविषयी बाबासाहेबांनी स्वतः लिहिले आहे: वर्गात कोपऱ्यात वेगळे बसणे, बसायला घरून नेलेले गोणपाट संध्याकाळी परत घरी आणणे, आणि शिपायाने नळ सोडला तरच पाणी. या वास्तूचा इतिहास लिहिताना खांब-तुळयांइतकीच या कोपऱ्याची नोंद आवश्यक आहे.

बाबासाहेबांच्या आडनावाबाबत मतभेद आहेत. मूळ आडनाव सकपाळ. मंडणगड तालुक्यातील आंबडवे या गावावरून आंबडवेकर. आंबेडकर आडनावाच्या एका प्रेमळ शिक्षकांनी स्वतःचे आडनाव दिले, ही हकीकत सर्वपरिचित आहे; गावाच्या नावावरूनच हे रूप रुळले, असे दुसरे मत. शिक्षकांच्या जिव्हाळ्याविषयी शंका घेण्याचे कारण नाही, मात्र गावावरून आडनाव घेण्याची कोकणातील रीत पाहता दुसऱ्या मतासही वजन द्यावे लागते.

२०१७ पासून महाराष्ट्रात ७ नोव्हेंबर हा विद्यार्थी दिवस म्हणून पाळला जातो. भिवाच्या प्रवेशाची ती नोंदवही शाळेने जपून ठेवली आहे.