सही झाली म्हणजे करार पक्का?

फिरत असलेला मेसेज असा: ‘लग्नाआधी करारावर सही करून ठेवा, मग घटस्फोटात कोर्टही काही बदलू शकत नाही.’

असं वाटणं साहजिक आहे. कागद आहे, सह्या आहेत, साक्षीदार आहेत. पण घटस्फोट झाला तर मालमत्ता आणि पैसे कसे वाटायचे हे आधीच ठरवणारा हा करार घरभाड्याच्या करारासारखा नसतो. काही देशांत तो बंधनकारक, काही ठिकाणी न्यायाधीश फक्त विचारात घेतात, तर काही ठिकाणी त्याला जवळपास किंमत नाही. आणि मान्यता असली, तरी वाद झाल्यावर कोर्ट सहसा आधी सही कशी झाली ते बघतं. दोघांनी मालमत्ता आणि कर्ज खरंखरं सांगितलं होतं का? दोघांचे वकील वेगळे होते का? पत्रिका वाटून झाल्यावर, लग्नाच्या आदल्या रात्री ‘सही कर, नाहीतर लग्न मोडलं’ म्हणून घेतलेली सही दबावाखालची ठरू शकते.

मुलांचा ताबा आणि खर्च तर आईबापांनी आधीच लिहून टाकला, तरी कोर्ट त्या वेळचं मुलांचं हित बघूनच ठरवतं.

पडताळायचं असेल तर कराराचा कागद हातात घ्या. मालमत्तेची यादी जोडलेली आहे का, सहीची तारीख लग्नाच्या किती आधीची आहे, ते बघा. मग तुमच्या इथल्या कौटुंबिक वकिलाला एवढंच विचारा: असा करार इथं चालतो का?