काल्पनिक विश्वातील गटांच्या कथा : कॉपीराइट नोंदणीसाठी पात्रता, कागदपत्रे आणि अर्जाची पद्धत

अनेक भुवनांचे काल्पनिक विश्व रचून त्यातील गट, घराणी, तह आणि फितुरी वर्षानुवर्षे वह्यांत लिहून ठेवणारे लेखक सातारा आणि सांगली जिल्ह्यांत मला भेटलेले आहेत. असे लेखन आपल्या नावावर कसे नोंदवावे, हा त्यांचा नेहमीचा प्रश्न असतो. त्यासाठी दिल्लीला जावे लागत नाही, कारण कॉपीराइट कार्यालयाच्या संकेतस्थळावर घरबसल्या अर्ज करता येतो. नोंदणी सक्तीची नाही. कॉपीराइट अधिनियम, 1957 प्रमाणे स्वतंत्र साहित्यकृती लिहिली की लेखकाचा हक्क आपोआप निर्माण होतो. मात्र वाद उभा राहिला तर कलम 48 नुसार कॉपीराइट नोंदवहीतील नोंद हा सकृद्दर्शनी पुरावा, म्हणजे उलट सिद्ध होईपर्यंत ग्राह्य पुरावा, मानला जातो, आणि म्हणूनच नोंदणीचे श्रम घ्यावेत असे माझे स्पष्ट मत आहे.

अर्जापूर्वी एक गोष्ट नीट समजून घेतली पाहिजे. दोन गट एकाच गादीसाठी झगडतात ही केवळ कल्पना आहे, आणि कल्पनेवर कोणाचाही हक्क नसतो. आर. जी. आनंद विरुद्ध डिलक्स फिल्म्स या 1978 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने कल्पना, विषय, कथानक तसेच ऐतिहासिक किंवा पौराणिक घटना यांना कॉपीराइट नसतो आणि संरक्षण मिळते ते मांडणीला, असे स्पष्ट केले आहे. आपल्या भागातील लेखकाला हे सहज कळेल. शाहू महाराज आणि ताराबाई यांच्यातील संघर्ष, पुढे सातारा व कोल्हापूर अशा दोन गाद्या आणि वारणा नदी ही त्यांची हद्द ठरवणारा 1731 चा वारणेचा तह हा इतिहास सर्वांचा आहे. त्यावरून कोणीही दोन भुवनांच्या सीमेवर एखादी नदी वाहती करू शकतो. परंतु तुमच्या दोन गटांमधील तहाचा तुम्ही लिहिलेला मसुदा, त्यामागची खलबते, दूतांचे संवाद आणि प्रसंगांची गुंफण ही तुमची असते. त्यामुळे दोन पानी आराखडा न जोडता पूर्ण संहिता जोडावी. गटाच्या नुसत्या नावाला किंवा शीर्षकाला साधारणतः कॉपीराइट मिळत नाही. नाव व्यापारात वापरायचे असेल तर ट्रेडमार्कचा अर्ज वेगळा करावा लागतो.

अर्ज लेखक किंवा हक्काचा मालक करू शकतो. नोकरीचा भाग म्हणून लिहिले असेल आणि करारात वेगळे ठरले नसेल, तर कलम 17 प्रमाणे पहिला मालक नियोक्ता असतो. खरी अडचण येते ती मित्रांनी मिळून रचलेल्या विश्वात. मी ज्या लेखनगटात होतो तिथे पाच जणांनी पाच पक्ष वाटून घेतले होते, आणि पुढे पक्षांच्या भांडणापेक्षा लेखकांचे भांडण मोठे झाले. कोणता सेनापती कोणाचा, हे कोणीच लिहून ठेवले नव्हते. कायद्याच्या व्याख्येनुसार ज्या कृतीत एकाचा वाटा दुसऱ्याच्या वाट्यापासून वेगळा काढता येत नाही तीच संयुक्त लेखनाची कृती ठरते. प्रत्येकाने पुस्तकातील आपले प्रकरण स्वतंत्र लिहिले असेल, तर ज्याचे लेखन त्याचा हक्क. म्हणून कोणी काय लिहिले, सामाईक नकाशा आणि कालपट कोणाचा, आणि एकाच्या पात्राचा मृत्यू दुसऱ्याने लिहावा का, हे अर्जापूर्वीच लेखी करारात उतरवून सर्वांच्या सह्या घ्याव्यात. दुसऱ्या लेखकाच्या विश्वावर आधारलेले लेखन असेल, तर त्याची परवानगी आधी मिळवावी.

अर्ज नमुना चौदामध्ये असतो आणि त्यासोबत तपशिलाची विवरणपत्रे भरावी लागतात. त्यांत कृतीचे नाव, भाषा, लेखकाचे नाव, पत्ता व राष्ट्रीयत्व, कृती प्रकाशित आहे की अप्रकाशित, आणि ती मूळ आहे की अनुवाद किंवा रूपांतर, हे विचारलेले असते. अर्जदार स्वतः लेखक नसेल तर लेखकाचे, आणि प्रकाशक वेगळा असेल तर प्रकाशकाचे ना-हरकत पत्र लागते. वकिलामार्फत अर्ज केल्यास वकीलपत्र जोडावे. एका अर्जात एकच कृती नोंदवता येते, त्यामुळे कादंबरी आणि तिच्यातील भुवनांचा नकाशा यांचे अर्ज वेगळे होतात. साहित्यकृती किंवा चित्रकृतीसाठी शुल्क 500 रुपये आहे. तीच कृती मालावर वापरली जाणार असेल, उदाहरणार्थ नकाशा खेळाच्या खोक्यावर छापायचा असेल, तर 2000 रुपये.

शुल्क भरल्यावर डायरी क्रमांक, म्हणजे अर्जाचा ओळख क्रमांक, मिळतो, तो जपून ठेवावा. हक्कात हितसंबंध असलेल्या किंवा तुमचा हक्क नाकारणाऱ्या प्रत्येकाला अर्जाची सूचना देणे अर्जदारावर बंधनकारक आहे, आणि त्यात जुने सहलेखकही येतात. हरकतीसाठी 30 दिवस थांबावे लागते. त्यानंतर छाननी होते. त्रुटी निघाल्यास पत्र येते, हरकत आल्यास दोन्ही बाजूंना म्हणणे मांडण्याची संधी मिळते, आणि सर्व ठीक असल्यास नोंद होऊन प्रमाणपत्र दिले जाते.

हक्काची मुदत लेखकाच्या हयातीपर्यंत आणि मृत्यूनंतरच्या वर्षापासून पुढे 60 वर्षे असते. संयुक्त लेखनात सर्वांत शेवटी मरण पावलेल्या लेखकाच्या मृत्यूनंतरच्या वर्षापासून ती मोजतात. पुढच्या खंडात नवे गट आले, जुने फुटले किंवा एकमेकांत विलीन झाले, तर त्या खंडासाठी नवा अर्ज आणि नवे शुल्क लागते.