पार्श्वभूमी : रारामुरींचा नाच, कॅमेरा आणि मक्याची दारू

मेक्सिकोतल्या चिवावा राज्यात, ताराहुमारा डोंगररांगेत, रारामुरी या आदिवासींचा ईस्टरच्या आठवड्यात होणारा परूशी (बायबलमधले येशूचे विरोधक) आणि शिपायांचा नाच आज बाहेरच्यांनाही पाहून माहीत आहे. अंगावर पांढऱ्या मातीचे पट्टे, हातात ढोल, आणि शेवटी येशूला दगा देणाऱ्या यहूदाच्या गवती पुतळ्याचा फडशा. कथानक जेझुइट या ख्रिस्ती मिशनऱ्यांनी सतराव्या शतकात आणलेले. १७६७ मध्ये त्यांची हकालपट्टी झाली आणि पुढे रारामुरींनी ते आपल्या मनासारखे वळवले: देव दुबळा झालाय, त्याला सैतानापासून राखायला नाचायचे.

१८९० च्या दशकात एका नॉर्वेजियन प्रवाशाने या लोकांची छायाचित्रे काढली. डोंगरातून जाणारी रेल्वे १९६१ मध्ये पूर्ण झाली. १९७० च्या दशकाच्या उत्तरार्धात सरकारी आदिवासी खात्याने चित्रण सुरू केले, त्याच सुमारास एक फ्रेंच दांपत्यही १६ मिमी कॅमेरा घेऊन येऊ लागले. ४०० फुटांचे रीळ अकरा मिनिटांत संपते आणि नाच तर दिवस-रात्र चालतो. त्यामुळे काय टिपायचे आणि काय सोडायचे, हे ठरवण्यावाचून गत्यंतर नव्हते.

यात सर्वांत अवघड दुखणे तेस्विनोचे. मोड आलेला मका वाटून, शिजवून, आंबवून केलेली ही दारू दोन-चार दिवसांत नासते, म्हणून हंडा उघडला की सगळ्यांनी मिळून संपवायची. आधी देवाला शिंपण, मग माणसांना भोपळ्याच्या वाटीने. मिशनऱ्यांनी तिला दुराचार ठरवले. १९६३ च्या एका मानववंशशास्त्रीय लेखाने मात्र दाखवले की शेतीतली परस्पर मदत, सोयरीक, भांडणाचा निवाडा, सगळे या हंड्याभोवतीच फिरते. असे असताना झिंगलेल्या माणसाचा चेहरा जवळून दाखवायचा आणि शिंपण कापायचे, हा दिग्दर्शकाचा निर्णय असतो, नाचाचा दोष नव्हे. हंडाच गाळला तर नाच चर्चच्या आवारातली सोज्वळ कवायत होतो, तेही खोटेच. शिंपण ठेवा आणि पिणेही ठेवा, एवढे सरळ असताना संपादनाच्या टेबलावर ते सहसा जमत नाही.

पूर्वी गावाने निवडलेला प्रमुख तोंडी ‘हो’ म्हणाला की बाहेरचा माणूस ती परवानगी समजे. जानेवारी २०२२ मध्ये आलेल्या संघीय कायद्याने आदिवासींच्या सांस्कृतिक वारशाचा वापर करण्यापूर्वी समाजाची संमती लागते असे ठरवले. त्याआधीच्या रिळांत नाचणाऱ्यांना मात्र कोणते दृश्य ठेवू, कोणते कापू, असे विचारण्याची पद्धतच नव्हती.